मागच्या खुर्चीतून आलेला प्रश्न

२७ मार्च १९७७. कॅनरी बेटांपैकी टेनेरिफ बेटावरच्या लॉस रोदेओस विमानतळावर त्या दुपारी विमानांची गर्दी झाली होती. शेजारच्या ग्रान कनारिया बेटावरच्या विमानतळावर बॉम्बस्फोट झाल्यामुळे तिकडची विमानं या छोट्या विमानतळाकडे वळवली होती. तिथली वाहतूक पुन्हा सुरू झाली, सगळ्यांना निघायची घाई झाली आणि तेवढ्यात धुकं उतरलं. टॉवरमधून धावपट्टी दिसेना. डच कंपनी केएलएमचं बोइंग ७४७ धावपट्टीच्या एका टोकाला उड्डाणासाठी तयार उभं होतं. पॅन ॲमचं तसंच दुसरं विमान त्याच धावपट्टीवरून सावकाश त्याच्या दिशेने येत होतं.

केएलएमच्या कप्तानांनी इंजिनांचा जोर वाढवायला घेतला, तेव्हा सहवैमानिकाने त्यांना आठवण करून दिली की परवानगी अजून मिळालेली नाही. कप्तान थांबले. मग टॉवरकडून हवेत गेल्यानंतरच्या मार्गाची सूचना आली. उड्डाणाची परवानगी त्यात नव्हती, तरी कप्तानांनी विमान सोडलं. या दुसऱ्या वेळी सहवैमानिकाने त्यांना अडवलं नाही. टॉवरने ‘थांबा’ म्हटलं आणि नेमक्या त्याच क्षणी पॅन ॲमने ‘आम्ही अजून धावपट्टीवर आहोत’ असं कळवलं. दोन्ही संदेश एकमेकांत मिसळले आणि केएलएमच्या कॉकपिटमध्ये ऐकू आली ती कर्कश शीळ. त्यानंतरचं एक वाक्य मात्र स्वच्छ ऐकू येण्यासारखं होतं. धावपट्टी मोकळी केली की कळवतो, असं पॅन ॲम टॉवरला सांगत होतं. मागच्या खुर्चीतल्या फ्लाइट इंजिनिअरने ते टिपलं आणि विचारलं, ते विमान अजून बाजूला झालेलं नाही का? कप्तानांनी ठामपणे सांगितलं, झालंय. काही सेकंदांत विमानं एकमेकांवर आदळली. ५८३ माणसं गेली.

हे कप्तान, याकोब फेल्डहाउझेन फान झान्टेन, बेफिकीर गृहस्थ नव्हते. केएलएमच्या ७४७ विमानांच्या प्रशिक्षणाचे ते प्रमुख होते आणि कंपनीच्या जाहिरातींत त्यांचा फोटो छापला जाई. शेजारी बसलेल्या सहवैमानिकाची ७४७ साठीची परीक्षा त्यांनीच घेतली होती. अशा माणसाला एकदा थांबवून झालं होतं. दुसऱ्यांदा थांबवायला जीभ रेटली नाही. इंजिनिअरने प्रश्न विचारला खरा, पण ठाम उत्तर आल्यावर तोही गप्प झाला. अपघाताची कारणं अनेक होती. धुकं होतं, संदेश अडकले होते, रेडिओवरची भाषा सैल होती, डच वैमानिकांच्या कामाच्या तासांचे कडक नियम मोडण्याची वेळ जवळ येत होती. तरीही त्या कॉकपिटमध्ये धोक्याची शंका एका माणसाच्या मनात आली होती, त्याने ती बोलून दाखवली होती आणि ती ऐकली गेली नाही. माणसांनी एकत्र काम करणं या विषयावरच्या शंभर वर्षांच्या विचाराचा आढावा घ्यायला मला हीच जागा योग्य वाटते. या विषयावरचं बहुतेक बोलणं चांगल्या स्वभावाबद्दल होतं. मनमिळाऊ असावं, समोरच्याच्या जागी उभं राहून पाहावं, गोड बोलावं. गेल्या शतकातला पुरावा बघितला तर वेगळंच काही पुढे येतं. सहृदयता कुणाच्या स्वभावावर सोडून दिली तर ती ऐन गरजेच्या वेळी गायब होते. कामाच्या रीतीत बसवली तर टिकते.

हा विचार फार आधी नीट मांडणाऱ्यांत अमेरिकेतल्या मेरी पार्कर फॉलेट यांचं नाव घ्यावं लागेल. १९२०च्या दशकात त्या उद्योजकांसमोर व्याख्यानं देत होत्या. त्यांचं एक साधं उदाहरण प्रसिद्ध आहे. हार्वर्डच्या ग्रंथालयातल्या एका लहान खोलीत एकाला खिडकी उघडी हवी होती, फॉलेट यांना ती बंद हवी होती. शेवटी शेजारच्या रिकाम्या खोलीची खिडकी उघडली. समोरच्याला खिडकीशी काही देणंघेणं नव्हतं, त्याला मोकळी हवा हवी होती. आणि फॉलेट यांना फक्त उत्तरेचा वारा अंगावर नको होता. दोघांनी अर्धी अर्धी खिडकी उघडली असती तर दोघंही कुरकुरत राहिले असते. फॉलेट यांचं म्हणणं असं, की तडजोडीच्या आधी दोघांना खरोखर काय हवंय ते उघड व्हायला हवं, आणि ते मागणीत दिसत नाही, मागणीच्या मागे असतं. संघर्षाला त्या वाईट मानत नसत. मतभेद ही कामाला लावण्याजोगी शक्ती आहे, असं त्या म्हणत. त्यांच्या निधनानंतर, १९३३ नंतर, बराच काळ त्यांना विसरलं गेलं, ही व्यवस्थापनशास्त्राची मोठी चूक होती.

विसरायचं एक कारण म्हणजे सगळ्यांचं लक्ष शिकागोजवळच्या हॉथॉर्न कारखान्याकडे गेलं. तिथे १९२४ ते १९३२ या काळात वेस्टर्न इलेक्ट्रिक कंपनीत झालेले प्रयोग उजेड कमीजास्त करून उत्पादन मोजण्यासाठी प्रसिद्ध आहेत. मला त्यातला कमी चर्चेतला भाग महत्त्वाचा वाटतो. १९२८ पासून तिथे सुमारे २१ हजार कामगारांच्या मुलाखती घेतल्या गेल्या. सुरुवातीला मुलाखत घेणाऱ्यांच्या हातात ठरलेल्या प्रश्नांची यादी होती. कामगार त्या प्रश्नांना सोडून भलतंच बोलत. अखेर यादी बाजूला ठेवून कामगार जे बोलेल ते ऐकायचं ठरलं. तेव्हा कळलं की साहेबांना जे प्रश्न महत्त्वाचे वाटत होते ते कामगारांना वाटतच नव्हते. ऐकण्याने माणसं मोकळी झाली. पण ऐकून जे समजलं त्याने पगार, वेग, अधिकार यांत किती बदल झाला, हा प्रश्न टीकाकारांनी तेव्हापासून लावून धरला आहे आणि तो रास्त आहे. ऐकून घेणं हे मन शांत करण्याचं औषध म्हणून वापरलं, तर ते कामगाराची फसवणूक ठरतं.

पुन्हा विमानांकडे येतो, कारण या विषयातला सर्वांत कसून तपासलेला धडा तिथलाच आहे. टेनेरिफनंतर पावणेदोन वर्षांनी, २८ डिसेंबर १९७८ रोजी, युनायटेड एअरलाइन्सचं एक डीसी-८ विमान अमेरिकेत पोर्टलंडजवळ कोसळलं. चाकांच्या यंत्रणेत बिघाड वाटत होता. कप्तान जवळजवळ तासभर घिरट्या घालत त्याचीच तयारी करत राहिले आणि तेवढ्यात इंधन संपलं. इंधन कमी होतंय हे फ्लाइट इंजिनिअर सांगत होता. पण तो ज्या सुरात सांगत होता त्यात ‘आत्ता, लगेच उतरा’ असा धोक्याचा इशारा नव्हता, आकडे होते. दहा जणांचा जीव गेला. चौकशीत कप्तानांच्या दुर्लक्षाबरोबरच बाकीच्या दोघांनी नेटाने न बोलण्यावरही बोट ठेवलं गेलं.

पुढच्याच वर्षी नासाने वैमानिक, कंपन्या आणि मानसशास्त्रज्ञ यांना एकत्र बसवलं. तिथून ‘क्रू रिसोर्स मॅनेजमेंट’ नावाचं प्रशिक्षण उभं राहिलं आणि १९८१ पासून युनायटेडने ते सुरू केलं. सुरुवातीला अनेक ज्येष्ठ वैमानिकांना ते मानसोपचाराचा वर्ग वाटलं. त्यांची नाराजी समजण्यासारखी होती. पहिल्या काळातल्या या वर्गांत माणसाच्या स्वभावावरच जास्त भर होता. पुढे भर कृतीकडे सरकला. उड्डाणाआधी कप्तानांनी सगळ्यांना सांगायचं की काही खटकलं तर बोला. सूचना मिळाली की ती पुन्हा म्हणून दाखवायची. आणि शंका कशी बोलायची याचाही सराव करायचा. आधी नावाने हाक, मग आपली काळजी, मग नेमकी अडचण, मग आपला उपाय आणि शेवटी होकार मागायचा. ‘कप्तानसाहेब, मला काळजी वाटतेय. इंधन पंधरा मिनिटांपुरतं उरलंय. आता थेट उतरावं असं माझं मत आहे. चालेल ना?’ यातलं प्रत्येक वाक्य सहवैमानिकाला एकदा तोंडाने उच्चारायला लावतात, कारण ऐन वेळी जीभ आपसूक वळली पाहिजे. आपल्याकडच्या कुठल्याही ऑफिसात, दवाखान्यात याच्या नेमकं उलट कानावर पडतं: ‘सर, जरा बघता का?’ यात काय बघायचं, किती घाईचं आहे आणि न बघितल्यास काय होईल, यातलं काहीच नसतं. बोलणाऱ्याने आदर राखलेला असतो, पण धोका ऐकणाऱ्यापर्यंत पोचलेला नसतो.

या प्रशिक्षणाचं फळ काय? १९ जुलै १९८९ रोजी युनायटेडच्या फ्लाइट २३२ च्या शेपटीतलं इंजिन फुटलं आणि त्याच्या तुकड्यांनी विमानाच्या तिन्ही हायड्रॉलिक यंत्रणा निकामी केल्या. डीसी-१० विमान वळवण्याचं, वर-खाली करण्याचं कुठलंच साधन उरलं नाही. कप्तान अल हेन्स यांच्याकडे तीस वर्षांहून जास्त अनुभव होता, पण अशा परिस्थितीचा कुणाकडेच नव्हता. प्रवासी म्हणून बसलेले प्रशिक्षक वैमानिक डेनिस फिच यांनी मदत देऊ केली. हेन्स यांनी त्यांना कॉकपिटमध्ये घेतलं आणि उरलेल्या दोन इंजिनांचे थ्रॉटल त्यांच्या हाती दिले. चार माणसं ४४ मिनिटं एकमेकांना सुचवत, विचारत, नकार देत, पुन्हा सुचवत विमान सू सिटीच्या धावपट्टीपर्यंत घेऊन आली. विमान मोडलं, ११२ जण गेले, १८४ वाचले. नंतरच्या सिम्युलेटर चाचण्यांत अशा विमानाचं सुरक्षित उतरणं जवळजवळ अशक्य ठरलं. हेन्स यांनी पुढची अनेक वर्षं याचं श्रेय संघाच्या प्रशिक्षणाला दिलं.

हा धडा जगभर शिकवला गेला, आपल्याकडेही. तरी २२ मे २०१० रोजी दुबईहून मंगळुरूला येणारं एअर इंडिया एक्स्प्रेसचं विमान पठारावरच्या धावपट्टीच्या पलीकडे दरीत गेलं आणि १६६ पैकी १५८ जण मृत्युमुखी पडले. या अपघाताच्या चौकशी न्यायालयाचे प्रमुख निवृत्त एअर मार्शल भूषण गोखले होते. अहवालानुसार कप्तानांनी उड्डाणातला बराच वेळ झोप घेतली होती. विमान योग्य उंचीवर नव्हतं. आणि सहवैमानिकाने तीन वेळा परत फिरण्याचं सुचवूनही कप्तानांनी उतरणं चालू ठेवलं. टेनेरिफपासून मंगळुरूपर्यंत ३३ वर्षं गेली. या काळात बोलण्याच्या बाजूला प्रगती झाली होती: इथे सहवैमानिक एकदाच विचारून गप्प बसला नाही, स्पष्ट शब्दांत आणि पुन्हा पुन्हा बोलला. ऐकण्याची बाजू मात्र तशीच होती. खालच्याला बोलायला शिकवणं तुलनेने सोपं. वरच्याला थांबायला शिकवणं कठीण, आणि बोलून उपयोग झाला नाही तर खालच्याने सूत्रं हातात घ्यायला शिकवणं त्याहून कठीण.

ऑपरेशन थिएटरमध्ये हा धडा आला तो एका वैमानिकाच्या दुःखातून. इंग्लंडमध्ये २००५ मध्ये मार्टिन ब्रोमिली यांच्या पत्नी नेहमीच्या, फारशा जोखमीच्या नसलेल्या सायनसच्या शस्त्रक्रियेसाठी गेल्या. भूल दिल्यावर श्वासाचा मार्ग बंद झाला. अनुभवी डॉक्टर नळी घालण्याचा प्रयत्न करत राहिले, वेळ हातातून निसटत गेला. तिथल्या परिचारिकांना काय करायला हवं ते कळलं होतं. एकीने गळ्यातून श्वासमार्ग करण्याचं साहित्य आणून ते तयार असल्याचं सांगितलं. दुसरीने अतिदक्षता विभागात खाट राखली आणि डॉक्टरांना ते अवाजवी वाटलंसं दिसताच ती रद्द केली. काही दिवसांनी त्या बाई गेल्या. ब्रोमिली वैमानिक असल्यामुळे त्यांनी दोषी कोण असं न विचारता, पुढच्या वेळी हे कसं टळेल याची स्वतंत्र चौकशी मागितली. त्या डॉक्टरांनी कामावर परतावं असंही त्यांना वाटत होतं, कारण हे शिकून घेतलेले डॉक्टर अधिक सावध होतील. २००७ मध्ये त्यांनी आरोग्यसेवेतल्या मानवी चुकांवर काम करणारा एक गट उभा केला. ज्याचं सर्वस्व गेलं त्याने चुकणाऱ्यांच्या बाजूने विचार करावा, यासारखं सहृदयतेचं दुसरं उदाहरण माझ्या वाचनात नाही. आणि त्याचा परिणाम बघा: ती चौकशी आणि त्यावरची फिल्म आज अनेक देशांत भूलशास्त्राच्या विद्यार्थ्यांना दाखवली जाते.

त्याच सुमारास जागतिक आरोग्य संघटनेच्या वतीने डॉ. अतुल गावंडे यांच्या नेतृत्वाखाली शस्त्रक्रियेची तपासणी-यादी तयार होत होती. यादीत १९ बाबी आहेत. बहुतेक अपेक्षित: रुग्ण कोण, कुठल्या बाजूला कापायचं, प्रतिजैविक दिलं का, स्पंज मोजले का. एक बाब मात्र प्रथमदर्शनी किरकोळ वाटेल अशी: चिरा देण्याआधी खोलीतल्या प्रत्येकाने आपलं नाव आणि काम सांगायचं. कारण सरळ आहे. ज्याचं नाव आपल्याला ठाऊक नाही त्याला ‘थांबा’ म्हणायला माणूस कचरतो, आणि एकदा तोंड उघडलं की दुसऱ्यांदा उघडणं सोपं जातं. टोरांटो, लंडन, सिएटल, ऑकलंड, अम्मान, मनिला, टांझानियातलं इफाकारा आणि नवी दिल्ली अशा आठ ठिकाणच्या रुग्णालयांत यादी वापरून पाहिली. २००९ च्या सुरुवातीला निष्कर्ष छापून आले: मृत्यूचं प्रमाण १.५ टक्क्यांवरून ०.८ टक्क्यांवर, गुंतागुंत ११ वरून ७ टक्क्यांवर.

इथेच थांबलो तर आढावा अपुरा राहील. कॅनडातल्या ओंटारिओ प्रांतात हीच यादी सक्तीची झाली. १०१ रुग्णालयांच्या अभ्यासाचे निकाल २०१४ मध्ये आले: मृत्यू आणि गुंतागुंत यांत लक्षणीय फरक नाही. या दोन अभ्यासांवर बरीच वादावादी झाली. मला पटणारं स्पष्टीकरण असं, की जिथे यादीच्या निमित्ताने माणसं एकमेकांशी बोलली तिथे फायदा झाला. जिथे ती वरून हुकूम म्हणून आली आणि एकाने पटापट खुणा केल्या तिथे झाला नाही. आपल्या सरकारी कचेऱ्यांत वाढलेल्या कुणालाही हे समजावून सांगावं लागणार नाही. रजिस्टर भरलेलं असतं, पण त्यात लिहिलेलं संभाषण झालेलंच नसतं.

रीत आणि मन यांच्यातला हा दुवा काय, याचं सर्वांत चांगलं उत्तर हार्वर्डच्या एमी एडमंडसन यांच्याकडून मिळालं, तेही अपेक्षेच्या उलट निकालातून. १९९०च्या दशकात त्या रुग्णालयांतल्या औषधांच्या चुकांचा अभ्यास करत होत्या. ज्या संघांत नातं चांगलं, तिथे चुका कमी, अशी त्यांची अटकळ. आकडे नेमके उलटे आले: चांगल्या संघांतच चुकांच्या नोंदी जास्त. थोडं खोलात गेल्यावर कळलं की चुका जास्त होत नव्हत्या, त्या जास्त सांगितल्या जात होत्या. वाईट संघांत त्या लपवल्या जात. १९९९ मध्ये एका उत्पादक कंपनीतल्या ५१ संघांवरच्या अभ्यासातून त्यांनी याला ‘मानसिक सुरक्षितता’ म्हटलं: प्रश्न विचारला, चूक कबूल केली, असहमती दाखवली तरी आपली नाचक्की होणार नाही असा संघातल्या सगळ्यांचा विश्वास. पुढे गूगलने आपल्या १८० संघांची पाहणी केली, तेव्हा संघात कोण आहे यापेक्षा ते एकमेकांशी कसं वागतात हे अधिक मोलाचं ठरलं आणि महत्त्वाच्या गोष्टींच्या यादीत हीच सुरक्षितता पहिली आली. अनिता वूली आणि सहकाऱ्यांनी २०१० मध्ये ६९९ लोकांचे छोटे गट करून दाखवलं, की गटाची हुशारी त्यातल्या सर्वांत हुशार माणसावर फारशी अवलंबून नसते. भाव ओळखण्याची क्षमता आणि बोलण्याची पाळी सगळ्यांना सारखी मिळणं यांच्याशी तिचं नातं अधिक जवळचं. या निष्कर्षाच्या मोजमापावर नंतर आक्षेप घेतले गेले आहेत, म्हणून मी त्यावर फार भार टाकणार नाही.

दुसऱ्याच्या जागी उभं राहून पाहावं, या सल्ल्याचीही परीक्षा झाली आहे. १९९० मध्ये स्टॅनफर्डच्या एलिझाबेथ न्यूटन यांनी काही जणांना ओळखीच्या गाण्यांची लय बोटांनी टेबलावर वाजवायला सांगितली. ऐकणाऱ्याने गाणं ओळखायचं. वाजवणाऱ्यांना वाटलं, निम्म्या वेळा तरी ओळखतील. प्रत्यक्षात १२० पैकी ३ गाणी ओळखली गेली. वाजवणाऱ्याच्या डोक्यात चाल आणि शब्द घुमत असतात. ऐकणाऱ्याच्या कानावर फक्त टकटक येते. सूचना देणारा प्रत्येक वरिष्ठ, शिकवणारा प्रत्येक शिक्षक आणि काम समजावून सांगणारा प्रत्येक ठेकेदार याच भ्रमात असतो. २०१८ मध्ये ताल एयल, मेरी स्टेफेल आणि निकोलस एप्ली यांनी २५ प्रयोगांतून तपासलं, की समोरच्याच्या जागी स्वतःची कल्पना केल्याने त्याच्या मनातलं अधिक अचूक कळतं का. नाही कळत. उलट काही वेळा अंदाज आणखी चुकले. अचूकता वाढली ती थेट विचारल्यावर. मला हा या सगळ्या संशोधनातला सर्वांत उपयोगी निकाल वाटतो, कारण कल्पनाशक्ती प्रत्येकाकडे सारखी नसते आणि विचारणं प्रत्येकाला जमू शकतं. आपण एखाद्याला ओळखतो या खात्रीनेच आपण त्याला विचारायचं थांबतो.

गडचिरोलीत हे फार आधी करून पाहिलं गेलं. डॉ. अभय आणि डॉ. राणी बंग यांनी १९८६ मध्ये ‘सर्च’ या संस्थेची सुरुवात केली. दवाखाना कसा हवा, हे त्यांनी गोंड आदिवासींनाच विचारलं. मोठ्या इमारतीची भीती वाटते, आजाऱ्यासोबत घरच्यांना राहू देत नाहीत, अशी उत्तरं आली. म्हणून शोधग्राम या ‘सर्च’च्या परिसरातल्या दवाखान्यात आदिवासी गावासारख्या झोपड्या उभ्या राहिल्या, नातेवाइकांना सोबत राहायची सोय झाली आणि दवाखान्याला दंतेश्वरी देवीचं नाव मिळालं. तोच विचार पुढे नवजात बाळांच्या घरातल्या देखभालीत उतरला. ३९ गावांत गावातल्याच स्त्रियांना आरोग्यदूत म्हणून प्रशिक्षण दिलं, बाळाला जंतुसंसर्ग झाला तर इंजेक्शन देण्यापर्यंत. थोड्या शिकलेल्या बाईच्या हाती सुई देणं अनेक तज्ज्ञांना धाडस वाटत होतं. १९९९ मध्ये ‘लॅन्सेट’मध्ये आलेल्या निष्कर्षांनुसार नवजात मृत्यूंत ६२ टक्के घट झाली. पुढे आशा कार्यकर्त्यांमार्फत ही पद्धत देशभर नेली गेली. डॉक्टर आणि आरोग्यदूत यांनी एकमेकांवर ठेवलेला विश्वास या आकड्यामागे आहे.

त्याच जिल्ह्यात, धानोरा तालुक्यात, मेंढा-लेखा हे गाव आहे. ‘आमच्या गावात आम्हीच सरकार’ ही त्याची घोषणा सगळ्यांना ठाऊक असते, पण ती चालते कशी हे फार कमी जणांना माहीत असतं. इथल्या ग्रामसभेत निर्णय मतदानाने होत नाहीत, सर्वसहमतीने होतात. एकाचाही विरोध असेल तर विषय पुढच्या सभेसाठी ठेवला जातो. ऐकायला हे फार संथ वाटतं. पण त्याला जोड आहे ती अभ्यासगटांची. निर्णय ग्रामसभेत, त्याआधीचा विचार अभ्यासगटात. तिथे कुणीही यावं, प्रश्न विचारावेत, बाहेरच्या जाणकाराला बोलवावं, कायदा वाचावा, जंगलाचा हिशोब मांडावा. मत बदलायला मोकळीक असावी, कारण तिथे काहीच ठरवायचं नसतं. मोहन हिराबाई हिरालाल यांच्यासारखे सोबती आणि देवाजी तोफा यांच्यासारखे गावातले नेते यांनी हा सराव वर्षानुवर्षं जपला. २००९ मध्ये सुमारे १,८०० हेक्टर जंगलावर सामूहिक वनहक्क मिळवणाऱ्या देशातल्या पहिल्या गावांत मेंढा होतं. आणि २७ एप्रिल २०११ रोजी तेव्हाचे केंद्रीय मंत्री जयराम रमेश यांच्या उपस्थितीत बांबूच्या वाहतूक-पासांचा अधिकार ग्रामसभेच्या हाती आला. बहुमताने घेतलेल्या निर्णयात हरलेले लोक घरी जातात आणि अंमलबजावणीच्या वेळी येत नाहीत. मेंढ्याने सभेत जास्त वेळ घालवला आणि अंमलबजावणीत तो भरून काढला.

ज्यांना हे सगळं फार मोठं, फार आदर्श वाटतं, त्यांनी रेल्वेच्या इंजिनात डोकावून पाहावं. लोको पायलट आणि सहायक लोको पायलट प्रत्येक सिग्नल एकमेकांना मोठ्याने सांगतात आणि परत म्हणून दाखवतात. दोघंही तोच दिवा बघत असतात, तरीही. दोन स्टेशनांचे मास्तर गाडीला वाट देताना एकमेकांना खासगी क्रमांक देतात, नोंदतात. यात कुणाच्या मनाचा अंदाज घ्यायचा नसतो, आणि ‘त्याला कळलंच असेल’ या गृहीतकाला तर मुळीच जागा नसते. रुग्णालयांत पाळी बदलताना रुग्णाची माहिती पुढच्या डॉक्टरकडे देण्याची अशीच एक पद्धत अमेरिका आणि कॅनडातल्या नऊ रुग्णालयांच्या बालरोग विभागांत वापरली गेली, ज्यात घेणाऱ्याने ऐकलेलं आपल्या शब्दांत परत सांगायचं. २०१४ च्या निष्कर्षांनुसार वैद्यकीय चुका २३ टक्क्यांनी आणि टाळता येण्याजोगी इजा ३० टक्क्यांनी घटली.

सहृदयतेचा भार कोण उचलतं, हाही या आढाव्याचा भाग हवा. समाजशास्त्रज्ञ आर्ली हॉक्शिल्ड यांनी १९८३ मध्ये हवाई सुंदरींचा अभ्यास करून दाखवलं, की हसतमुख राहणं हे पगारी काम होतं, त्याने मन थकतं, आणि ते बहुतेक वेळा स्त्रियांच्या आणि खालच्या पदांवरच्या लोकांच्या वाट्याला येतं. नर्स, आशा, रिसेप्शनवरची मुलगी यांच्याकडून सगळे समजूतदारपणा मागतात. त्यांना समजून घेणारं कुणी नसतं. मेंदूविज्ञानातल्या तानिया सिंगर यांच्या कामातून दिसतं, की दुसऱ्याचं दुःख स्वतःत ओढून घेतलं तर माणूस खचतो आणि मदत करण्याच्या इच्छेकडे लक्ष वळवलं तर टिकतो. पॉल ब्लूम यांनी २०१६ मध्ये सहवेदनेच्या विरोधातच पुस्तक लिहिलं: ती जवळच्या, आपल्यासारख्या दिसणाऱ्या माणसांकडे झुकते आणि म्हणून न्यायाची वाट चुकवते. नोकरीत भरती करताना किंवा बढती देताना ‘आपल्यातला वाटतो’ म्हणून माणूस निवडला जातो तेव्हा हेच घडत असतं. या आक्षेपांनी माझं मत बळकट होतं. भावनेला रीत जोडली नाही तर ती सवयीच्या वाटेने जाते आणि सवयीच्या वाटेवर आपलीच माणसं भेटतात.

आणि बोलण्याची समान पाळी म्हणजे समान जबाबदारी नव्हे. सू सिटीच्या विमानात शेवटचा शब्द हेन्स यांचाच होता. मेंढ्यात सर्वसहमती आहे कारण जंगल सगळ्यांचं आहे. बाळाचा श्वास थांबला असताना सभा भरवता येत नाही. म्हणूनच बोलण्याचा सराव आधी, शांत वेळी करायचा असतो.

आपल्याकडे यातला एक धागा गेल्या काही वर्षांत पुढे सरकला आहे. २०१९ पासून एमबीबीएसच्या अभ्यासक्रमात वृत्ती, नीतिमत्ता आणि संवाद यांचा भाग सक्तीचा झाला. वाईट बातमी कशी सांगावी, रुग्णाचं बोलणं अर्ध्यात तोडू नये, हे विद्यार्थी शिकतात. पण हे सगळं डॉक्टर आणि रुग्ण यांच्यातलं. डॉक्टर आणि सिस्टर, सर्जन आणि भूलतज्ज्ञ, वॉर्डबॉय आणि आरएमओ यांच्यातलं बोलणं कुठे शिकवलं जातं? वैद्यकीय आणि नर्सिंगचे विद्यार्थी वेगवेगळे शिकतात आणि पहिल्यांदा एकत्र येतात ते थेट रात्रपाळीत, एखादा रुग्ण कोसळत असताना. प्रत्येक वैद्यकीय महाविद्यालयाच्या रुग्णालयात महिन्यातून एकदा दोघांचा एकत्र सराव ठेवता येईल. बाहुलीवर खोटी शस्त्रक्रिया चालू आहे, श्वास थांबला आहे, आणि सगळ्यांत कनिष्ठ सिस्टरने सर्जनला नाव घेऊन थांबवायचं आहे. सर्जनने हात थांबवून तिचं म्हणणं तिलाच परत म्हणून दाखवायचं, आणि मगच पुढे जायचं.